जीनोमच्या फाइलीला अर्थ कुठून येतो: पत्ता, शब्द आणि जपून ठेवलेला नमुना

गोव्यातल्या खाजनात, म्हणजे भरतीचं पाणी बांधानं रोखलेल्या सखल किनारी शेतात, पिकणाऱ्या कोरगुट या भाताच्या एका कोवळ्या पानातून डीएनए काढून वाचायला दिला, की काही आठवड्यांनी एक फाइल हाती येते. तिच्यात ए, सी, जी, टी या चार अक्षरांचे दीडशे-दीडशे अक्षरी तुकडे असतात. भाताचा जीनोम, म्हणजे त्याचा संपूर्ण डीएनए, साधारण ३७ कोटी अक्षरांचा. प्रत्येक अक्षर सरासरी ३० वेळा वाचलं जावं अशी मागणी असेल, तर तुकड्यांची संख्या साडेसात कोटींच्या घरात जाते. कोणता तुकडा कुठल्या गुणसूत्रावरचा, कुठल्या जनुकातला, त्या जनुकाचं काम काय आणि हे पान नेमकं कोणत्या रोपाचं, यातलं एकही उत्तर त्या फाइलीत नसतं. ते बाहेरून जोडावं लागतं. जोडणी चुकली तर अक्षरं अचूक वाचूनही निष्कर्ष चुकतो, आणि ती चूक सहसा कुठेही लाल रंगात दिसत नाही.

अशी जोडणी तीन गोष्टींशी होते. पहिली, संदर्भ जीनोम, म्हणजे पत्ता मोजण्यासाठी सगळ्यांनी मान्य केलेला एक जीनोम. दुसरी, ठरावीक शब्दसंग्रह, ज्यात प्रत्येक शब्दाला व्याख्या आणि क्रमांक असतो. तिसरी, संग्रह: बियाणं, मासा, जिवाणू किंवा डीएनएची कुपी, जी पुन्हा काढून तपासता येते. तिन्हींबद्दल आमचं सांगणं एकच आहे: नुसतं नाव लिहू नका, त्यासोबत क्रमांक आणि आवृत्ती लिहा. ते का आणि कसं, हे पुढे गोव्यातल्या उदाहरणांवरून पाहू. लेखातली चिन्हं आणि क्रमांक देवनागरीत दिले आहेत. संगणकावर ते रोमन अक्षरांत आणि रोमन आकड्यांतच टाइप करायचे.

पत्ता कोणत्या आवृत्तीतला?

गोव्यात जमिनीचा क्रमांक सांगितला की समोरचा विचारतो, हा नव्या सर्वेक्षणातला की पोर्तुगीज काळातल्या? जमीन तीच, क्रमांक मात्र वेगळे. जीनोममधल्या पत्त्याचंही तसंच आहे. माणसाच्या संदर्भ जीनोमची जीआरसीएच३७ ही आवृत्ती २००९ सालची आणि जीआरसीएच३८ ही २०१३च्या डिसेंबरमधली. दोन्ही आजही वापरात आहेत. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीचं जनुक एचबीबी अकराव्या गुणसूत्रावर आहे. सिकल सेल आजाराला कारण होणारा एका अक्षराचा बदल जीआरसीएच३७ मध्ये ५२,४८,२३२ या जागी मोजला जातो, तर जीआरसीएच३८ मध्ये ५२,२७,००२ या जागी. फरक २१,२३० अक्षरांचा. आवृत्ती न लिहिता फक्त जागा लिहिली, तर वाचणारा दुसऱ्याच ठिकाणी जाऊन पोहोचतो, आणि तिथेही ए, सी, जी, टी यांपैकी काहीतरी असतंच. म्हणून शंका येत नाही.

फाइल कोणत्या आवृत्तीची आहे हे ओळखण्याचा साधा उपाय म्हणजे तिच्या मथळ्यातली पहिल्या गुणसूत्राची लांबी बघणं. २४,९२,५०,६२१ असेल तर जीआरसीएच३७ आणि २४,८९,५६,४२२ असेल तर जीआरसीएच३८. फाइलीच्या नावावर विश्वास ठेवू नये; नाव कुणीही बदलतं, लांबी बदलत नाही. दुसरी तपासणी अशी: बदलांच्या यादीतल्या प्रत्येक ओळीत 'संदर्भातलं अक्षर' दिलेलं असतं. ते संदर्भ फाइलीतल्या त्याच जागेच्या अक्षराशी जुळवून पाहायचं. चुकीची आवृत्ती लावली असेल तर बहुतेक ओळी जुळत नाहीत आणि घोटाळा पहिल्या मिनिटातच कळतो.

इथेच आणखी दोन खड्डे आहेत. काही संस्था गुणसूत्राला नुसतं '१' म्हणतात, काही 'सीएचआर१'. दोन फाइली एकत्र करताना ही नावं जुळली नाहीत, तर बरीच साधनं चूक दाखवत नाहीत. ती शून्य निकाल देतात आणि माणूस समजतो की बदलच सापडला नाही. दुसरा खड्डा मोजणीच्या सुरुवातीचा. बदलांची यादी असलेल्या व्हीसीएफ आणि जनुकांच्या जागा असलेल्या जीएफएफ या फाइलींमध्ये पहिल्या अक्षराचा क्रमांक १ असतो. जागांचे पट्टे लिहिणाऱ्या बेड फाइलीत मोजणी शून्यापासून सुरू होते आणि शेवटची जागा धरली जात नाही. वरचा सिकल सेलचा बदल बेड फाइलीत ५२,२७,००१ ते ५२,२७,००२ असा लिहावा लागतो. एका अक्षराची ही घसरण जनुकाच्या टोकाशी झाली, तर बदल जनुकाच्या आत की बाहेर हेच पालटतं.

मायटोकॉन्ड्रियाच्या, म्हणजे स्वतःचा डीएनए असलेल्या पेशीतल्या ऊर्जाघराच्या, बाबतीत तर फारच जपावं लागतं. जीआरसीएच३७ च्याच एचजी१९ या नावानं मिळणाऱ्या जुन्या फाइलीत १६,५७१ अक्षरांचा मायटोकॉन्ड्रिया आहे, तर जगभर मान्य असलेला संदर्भ १६,५६९ अक्षरांचा. बाकी सगळी गुणसूत्रं जुळतात, म्हणून या दोन अक्षरांकडे लक्षच जात नाही.

संदर्भ म्हणजे आदर्श नमुना नाही

संदर्भात जे अक्षर आहे ते निरोगी, आणि वेगळं दिसलं ते बिघडलेलं, असा समज सर्रास आढळतो. संदर्भ जीनोम काही निवडक लोकांच्या डीएनएतून जोडलेला आहे. जीआरसीएच३८ चा साधारण ७० टक्के भाग तर एकाच दात्याचा आहे. त्या माणसांत जे होतं ते संदर्भात आलं. रक्त गोठण्याशी संबंधित एफ५ जनुकात 'फॅक्टर पाच लायडन' नावाचा बदल असतो, ज्यानं शिरांमध्ये गुठळी होण्याचा धोका वाढतो. जीआरसीएच३७ मध्ये त्या जागी नेमकं हे धोक्याचंच अक्षर होतं. परिणाम काय? ज्याच्या दोन्ही प्रतींत लायडन आहे त्याच्या यादीत त्या जागी काहीच दिसायचं नाही, कारण तो संदर्भाशी जुळतो. आणि सामान्य माणसाच्या यादीत मात्र 'बदल' दिसायचा. जीआरसीएच३८ मध्ये हे अक्षर दुरुस्त झालं. जुन्या आवृत्तीवर काम करणाऱ्यानं ही जागा मुद्दाम वेगळी तपासायलाच हवी.

संदर्भात जे नाही, ते शोधूनही सापडत नाही. भाताचा मान्य संदर्भ जपानमधल्या निप्पोनबारे या वाणाचा आहे, आयआरजीएसपी-१.० ही त्याची आज वापरली जाणारी आवृत्ती. निप्पोनबारे जॅपोनिका गटातलं, आपल्याकडचं भात बहुतांशी इंडिका गटातलं. पूर सहन करायला मदत करणारं सब१ए हे जनुक ओडिशातल्या एफआर१३ए या वाणात सापडलं. निप्पोनबारेत ते नाहीच. कमी फॉस्फरसच्या जमिनीत उपयोगी पडणारं पीएसटीओएल१ कसलाथ वाणात आहे, निप्पोनबारेत नाही. आता एखाद्यानं खाजनातलं भात निप्पोनबारेवर जुळवलं आणि 'आमच्या भातात सब१ए नाही' असा अहवाल लिहिला, तर तो अहवाल टिकणार नाही. त्या जनुकाचे तुकडे असलेच, तर ते 'न जुळलेले' म्हणून बाजूच्या फाइलीत पडलेले असतील किंवा त्याच्यासारख्याच शेजारच्या जनुकावर चुकून बसलेले असतील.

उपाय दोन. एक, आयआर६४ किंवा एमएच६३ यांसारख्या इंडिका वाणाचा संदर्भ घेऊन जुळवणी पुन्हा करायची. दोन, न जुळलेले तुकडे वेगळे काढून हव्या त्या जनुकाच्या नोंदवलेल्या क्रमाशी थेट जुळवून बघायचे. दुसरा उपाय जलद आहे, पण त्यानं फक्त तुम्ही विचारलेल्या जनुकाचं उत्तर मिळतं. खाजनाच्या भातावर काम करणाऱ्यानं निदान पहिल्यांदा दोन्ही करावेत असं आमचं मत आहे. खारं पाणी आणि साचलेलं पाणी दोन्ही सोसणारं पीक तपासायचं आणि संदर्भ मात्र दूरच्या गटातला घ्यायचा, यात फार काही हातचं निसटतं.

माणसाच्या बाबतीत ही उणीव भरून काढायला २०२२ मध्ये टीटूटी-सीएचएम१३ हा टोकापासून टोकापर्यंत सलग वाचलेला जीनोम आला. जीआरसीएच३८ मध्ये जिथे रिकाम्या जागा होत्या तिथे त्यानं जवळपास २० कोटी अक्षरांची भर घातली. २०२३ मध्ये ४७ लोकांच्या जीनोमचा एकत्र संदर्भ, म्हणजे पॅनजीनोमचा पहिला मसुदा, प्रसिद्ध झाला. भारतापुरतं पाहिलं तर जीनोम इंडिया प्रकल्पातल्या ९,७७२ लोकांची माहिती जानेवारी २०२५ मध्ये फरीदाबादच्या भारतीय जैविक माहिती केंद्रात संशोधकांसाठी खुली झाली. एखादा बदल आपल्या लोकांत किती जणांत आढळतो हे विचारायला अशीच माहिती लागते. युरोपात विरळ असलेला बदल भारतात नेहमीचा असू शकतो, आणि तेवढ्यावरून त्याला रोगकारक ठरवणं चूक आहे.

एक बदल, अनेक नावं: थॅलेसेमियाचा अहवाल

लग्नाआधी किंवा गरोदरपणात बीटा थॅलेसेमियाची जनुकीय तपासणी करणाऱ्या जोडप्यांच्या हातात कधी कधी वेगवेगळ्या प्रयोगशाळांचे अहवाल असतात. एकावर 'आयव्हीएस१-५ जी>सी' लिहिलेलं, दुसऱ्यावर 'सी.९२+५जी>सी', तिसरीकडे 'आरएस३३९१५२१७'. दोघांमध्ये वेगवेगळे बदल आहेत असं वाटून गोंधळ उडतो. खरं तर हा भारतात सर्वांत जास्त आढळणारा बीटा थॅलेसेमियाचा बदल आहे आणि तिन्ही नावं त्याच जागेकडे बोट दाखवतात.

पहिलं नाव जुन्या पद्धतीचं: पहिल्या इंट्रॉनमधलं, म्हणजे प्रथिनाच्या संदेशातून गाळल्या जाणाऱ्या जनुकाच्या तुकड्यातलं, पाचवं अक्षर. दुसरं एचजीव्हीएस या आजच्या मान्य पद्धतीचं. ते पूर्ण लिहायचं तर 'एनएम_०००५१८.५:सी.९२+५जी>सी' असं होतं. एनएम_०००५१८ हा जनुकाच्या आरएनए प्रतीचा नोंदणी क्रमांक, टिंबानंतरचा ५ ही त्याची आवृत्ती. 'सी.९२+५' म्हणजे प्रथिनाचा संदेश जिथे सुरू होतो तिथपासूनच्या ९२व्या अक्षरानंतर, इंट्रॉनमध्ये शिरून पाचवं. 'जी>सी' म्हणजे जी जाऊन सी आला. एनएमचा क्रमांक गाळला तर ९२ कुठून मोजायचे हेच कळत नाही, कारण अनेक जनुकांच्या एकाहून अधिक आरएनए प्रती असतात. एनसीबीआय आणि एन्सेम्बल या दोन मोठ्या संस्थांनी मिळून प्रत्येक जनुकासाठी एक प्रत ठरवली आहे. त्या यादीला मेन सिलेक्ट म्हणतात. नवा अहवाल लिहिताना तीच प्रत घ्यावी.

तिसऱ्या नावात एक मोठी अडचण आहे. आरएस क्रमांक जागेला दिलेला असतो, त्या जागी नेमका कोणता बदल झाला याला नाही. आरएस३३९१५२१७ या एकाच क्रमांकाखाली जीच्या जागी ए, सी किंवा टी येण्याचे तिन्ही बदल नोंदलेले आहेत. म्हणून आरएस क्रमांक एकटा लिहिणं पुरेसं नाही.

आणखी एक गोष्ट अनुभवी लोकांनाही चकवते. डीएनएच्या दोन पट्ट्या असतात, आणि पत्ता त्यांतल्या एकीवरच मोजतात; एचबीबी हे जनुक गुणसूत्राच्या उलट्या पट्टीवर आहे. जनुकात जी>सी असलेला हा बदल जीआरसीएच३८ च्या पत्त्यावर, ५२,२६,९२५ या जागी, सी>जी असा दिसतो. सिकल सेलचा बदलही जनुकात ए>टी, पण गुणसूत्रावर टी>ए. दोन्ही बरोबर आहेत. जुळवताना पट्टी लक्षात घेतली नाही की बरोबर अहवालही चूक ठरवला जातो.

सिकल सेलच्या जुन्या अहवालात 'ग्लू६व्हॅल' आणि नव्यात 'ग्लू७व्हॅल' दिसतं, त्याचं कारणही मोजणीतच आहे. तयार प्रथिनातून सुरुवातीचं मेथिओनिन गळून पडतं. जुनी पद्धत ते मोजत नसे, नवी मोजते. त्यामुळे एकाचा फरक.

अहवाल हाती आला की चार गोष्टी शोधाव्यात: जनुकाचं मान्य नाव, आरएनए प्रतीचा क्रमांक आवृत्तीसह, बदल एचजीव्हीएस पद्धतीनं, आणि गुणसूत्रावरचा पत्ता संदर्भाच्या आवृत्तीसह. यातलं काही नसेल तर प्रयोगशाळेकडे मागावं. अशी मागणी गैर नाही, आणि दहा वर्षांनी भावंडाची किंवा मुलाची तपासणी करताना तोच कागद उपयोगी पडतो. लक्षणं लिहितानाही असाच शब्दसंग्रह आहे, ह्यूमन फेनोटाइप ऑन्टॉलॉजी. रक्तक्षय एचपी:०००१९०३, प्लीहा वाढणं एचपी:०००१७४४. डॉक्टरनं मराठीत लिहो, कोंकणीत की इंग्रजीत, क्रमांक तोच राहतो आणि दूरच्या रुग्णालयातला तसाच दुसरा रुग्ण शोधता येतो.

जनुकाचं नाव आणि तक्त्याचं सॉफ्टवेअर

माणसाच्या जनुकांची नावं एचजीएनसी ही समिती ठरवते आणि प्रत्येकाला कायमचा क्रमांक देते. नाव बदललं तरी क्रमांक बदलत नाही. नावं बदलतात हे २०२० मध्ये सगळ्यांना ठळकपणे दिसलं. सेप्ट१, मार्च१ अशी नावं एक्सेलमध्ये टाकली की ती तारखा बनत: '१-सप्टेंबर', '१-मार्च'. २०१६ च्या एका पाहणीत, जनुकांच्या एक्सेल याद्या जोडलेल्या शोधनिबंधांपैकी सुमारे एक पंचमांशांत अशा चुका आढळल्या होत्या. शेवटी समितीनं जनुकांचीच नावं बदलून सेप्टिन१, मार्चएफ१ अशी केली. एक्सेलमध्ये हे रूपांतर बंद करण्याची सोय २०२३ मध्ये आली.

तरी जुन्या याद्या आजही फिरत आहेत. म्हणून जनुकांची सीएसव्ही फाइल दोनदा क्लिक करून उघडू नका. रिकामं पान उघडून 'आयात' करा आणि नावांचा स्तंभ 'मजकूर' म्हणून ठरवा. आलेल्या यादीत तारखेसारखं काही आहे का ते शोधा. सापडलं तर अंदाजानं दुरुस्त करू नका: '१-मार्च' हे मार्च१ वरून आलेलं असू शकतं, तसंच एमएआरसी१ वरूनही, दोन वेगळी जनुकं. मूळ फाइलच मागवा.

भातात वेगळीच तऱ्हा आहे. एकाच निप्पोनबारेच्या जीनोमवर दोन गटांनी स्वतंत्रपणे जनुकं मोजली, म्हणून प्रत्येक जनुकाला दोन क्रमांक मिळाले. मुळांकडून वर जाणाऱ्या रसातलं सोडियम परत खेचून पानं खारटपणापासून वाचवणारं जनुक एका पद्धतीत ओएस०१जी०३०७५००, दुसरीत एलओसी_ओएस०१जी२०१६०. निबंधांत त्याची नावंही तीन: एसकेसी१, ओएसएचकेटी८ आणि ओएसएचकेटी१;५. या दोन क्रमांकांचा तक्ता मिळतो, पण प्रत्येक ओळ एकास एक जुळत नाही. कुठे एका बाजूचं एक जनुक दुसऱ्या बाजूला दोन झालेलं असतं. रूपांतर केल्यावर आधी किती होती आणि नंतर किती उरली हे मोजून लिहून ठेवावं.

कामाचे शब्द

जनुक काय करतं हे सांगायला जीन ऑन्टॉलॉजी वापरतात. १९९८ मध्ये फळमाशी, यीस्ट आणि उंदीर यांच्या माहितीसाठ्यांवर काम करणाऱ्यांनी ती सुरू केली, कारण तिन्हीकडे तेच काम वेगवेगळ्या शब्दांत लिहिलं जात होतं. तिच्यात तीन प्रश्नांची उत्तरं वेगळी ठेवतात: रेणू काय करतो, ते कोणत्या मोठ्या प्रक्रियेचा भाग आहे, आणि पेशीत कुठे घडतं. वरच्या भाताच्या जनुकाला लावायचे झाले तर सोडियम आयन पडद्यापार नेण्याचं काम जीओ:००१५०८१, सोडियम वहन ही प्रक्रिया जीओ:०००६८१४, आणि पेशीचा बाहेरचा पडदा हे ठिकाण जीओ:०००५८८६.

शब्द एकमेकांखाली रचलेले असतात. 'सोडियम वहन' हे 'धातू आयन वहना'च्या पोटात येतं, म्हणून खालचा शब्द लावला की वरचे सगळे आपोआप लागू होतात. ही रचनाच संगणकाला शोध घेऊ देते. पण प्रत्येक नोंदीला पुराव्याचा संकेत जोडलेला असतो, आणि तो वाचल्याशिवाय नोंद वापरू नये. 'आयडीए' म्हणजे थेट प्रयोगातून दिसलं. 'आयएमपी' म्हणजे जनुक बिघडवल्यावर जे झालं त्यावरून. 'आयईए' म्हणजे संगणकानं साम्यावरून लावलं, माणसानं एकेक नोंद तपासली नाही. भातासारख्या पिकात आयईएच्या नोंदी भरपूर असतात. त्या निरुपयोगी नाहीत, पण 'सिद्ध झालं आहे' असं त्यांच्या जोरावर लिहिता येत नाही.

विद्यार्थ्यांच्या प्रकल्पांत सर्वांत जास्त दिसणारी चूक तुलनेच्या यादीची आहे. मुळांत सक्रिय झालेली दोनशे जनुकं घेतली आणि त्यांत कोणते शब्द जास्त आहेत ते तपासलं. तुलना मात्र भाताच्या सगळ्या जनुकांशी केली. साहजिकच 'मुळाची वाढ' वगैरे शब्द वर येतात. ते खारटपणामुळे नसून मूळच तपासल्यामुळे आलेले असतात. तुलना त्या प्रयोगात मुळांत मोजता आलेल्या जनुकांशीच करायची. आणि शब्दसंग्रह कोणत्या तारखेचा घेतला ते लिहायचं, कारण शब्द जोडले जातात, एकत्र होतात, बादही होतात.

शेतातून संग्रहापर्यंत

सगळ्यात जास्त नुकसान संगणकावर होत नाही, नमुना गोळा करताना होतं. तिथे न लिहिलेली गोष्ट नंतर कशानंही भरून येत नाही.

कोरगुट हे पारंपरिक वाण आहे. एका शेतातली सगळी रोपं तंतोतंत सारखी नसतात. म्हणून डीएनए एकाच रोपाचा घ्या, पाच रोपांची पानं एकत्र करू नका, आणि त्याच रोपाचं बी वेगळ्या पाकिटात राखा. पान सिलिका जेलमध्ये वाळवायचं तर वजनानं पानाच्या दहापट जेल हवं. कमी पडलं तर पान काळं पडतं आणि डीएनए तुटतो. पाकिटावर आणि पाकिटाच्या आत, दोन्हीकडे पेन्सिलीनं क्रमांक लिहा. बी राष्ट्रीय जनुकपेढीकडे दिलं तर त्याला 'आयसी'नं सुरू होणारा क्रमांक मिळतो आणि तोच जीनोमच्या नोंदीत जातो. 'कोरगुट' एवढंच लिहिलेला जीनोम कोणत्या रोपाचा हे पाच वर्षांनी कुणालाच सांगता येणार नाही. आंब्याचंही तेच: मानकुराद, मानकुराड, मालकुराद, कुराड अशा नावांनी चार नोंदी झाल्या, तर त्या चार झाडांच्या आहेत की एकाच्या, हे संग्रहातल्या क्रमांकाशिवाय ठरत नाही.

खारटपणाची नोंद नुसती 'खारी जमीन' अशी नको. विद्युतवाहकतेचा आकडा डेसिसीमेन्स प्रति मीटरमध्ये, आणि तो मातीच्या संपृक्त अर्काचा की एकास अडीच प्रमाणात पाणी मिसळून काढलेला, हे सोबत. त्याच मातीचे हे दोन आकडे खूप वेगळे येतात. रोपाची स्थिती आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेच्या १ ते ९ या गुणांकात: १ म्हणजे जवळजवळ निरोगी, ९ म्हणजे जवळपास सगळी मेलेली. वाढीचा टप्पाही लिहा, कारण भात रोपावस्थेत आणि फुलोऱ्यात मिठाला नाजूक असतं, मधल्या काळात तितकं नाही.

माशासाठी पराच्या किंवा शेपटीच्या टोकाचा लहान तुकडा ९५ टक्के इथेनॉलमध्ये ठेवायचा आणि एका दिवसानं इथेनॉल बदलायचं, कारण पहिल्यांदा माशातलं पाणी त्यात उतरतं. फॉर्मॅलिन नको, त्यानं डीएनए खराब होतो. उरलेला मासा मात्र फॉर्मॅलिनमध्ये संग्रहासाठी ठेवता येतो, म्हणून तुकडा त्याआधी काढायचा आणि दोघांना एकच क्रमांक द्यायचा. ताज्या माशाचा फोटो घ्या. रंग नंतर जातो. ओळख पटवायला सीओआय जनुकाचा साधारण साडेसहाशे अक्षरांचा तुकडा वाचतात. मासळी बाजारातल्या एका टोपलीत तारलेही असतात आणि पेडवेही, तेव्हा स्थानिक नाव लिहाच, पण वैज्ञानिक नाव आणि वर्गीकरणाचा क्रमांकही लिहा.

हा तुकडा जेनबँक या सार्वजनिक माहितीसाठ्यात शोधला आणि पहिलाच निकाल ९९ टक्के जुळला, तरी लगेच नाव लावू नका. अमेरिकेतली जेनबँक, युरोपातली ईएनए आणि जपानची डीडीबीजे आपसांत रोज माहितीची देवाणघेवाण करतात, आणि तिथली नोंद ज्यानं दिली तोच बदलू शकतो. चुकीच्या नावाची एक नोंद तशीच राहते, पुढचा संशोधक तिच्यावरून आपल्या माशाला नाव देतो, आणि चूक वाढत जाते. म्हणून पहिल्या वीस निकालांत नावांचं एकमत आहे का ते बघा आणि कोणत्या नोंदीमागे संग्रहात ठेवलेला मासा आहे ते शोधा. तसा मासा असलेली ९८ टक्के जुळणारी नोंद आम्ही मासा नसलेल्या ९९ टक्केवालीपेक्षा जास्त धरतो.

जिवाणूंमध्ये हा नियम अधिक कडक आहे. नव्या प्रजातीचं नाव मान्य व्हायचं तर तिचा मूळ वाण दोन वेगळ्या देशांतल्या दोन संग्रहांत जमा असावा लागतो. आपल्याकडे चंदिगडचं एमटीसीसी आणि पुण्याचं राष्ट्रीय सूक्ष्मजीव केंद्र असे संग्रह ठेवतात. गोव्यातल्या चोडण बेटाच्या खारफुटीतल्या गाळातले जिवाणू न वाढवता, नुसत्या १६एस या जिवाणू ओळखायच्या जनुकावरून मोजले, तर संदर्भसाठ्याची आवृत्ती लिहिणं टाळताच येत नाही. २०२१ मध्ये जिवाणूंच्या मोठ्या गटांची नावं बदलली: फर्मिक्यूट्सचं बॅसिलोटा झालं, प्रोटिओबॅक्टेरियाचं स्यूडोमोनाडोटा. जुना आणि नवा तक्ता शेजारी ठेवला तर एक गट नाहीसा होऊन दुसरा उगवल्यासारखा दिसतो. चिखलात काहीच बदललेलं नसतं.

तपासणी करणाऱ्या यंत्राची आणि साधनांची परीक्षा घ्यायलाही संदर्भ नमुना मिळतो. अमेरिकेची एनआयएसटी ही संस्था २०१५ पासून एनए१२८७८ या पेशींचा डीएनए आरएम ८३९८ या नावानं देते, आणि त्यातले बदल आधीच बारकाईनं ठरवलेले आहेत. तो तुमच्या पद्धतीनं वाचा आणि किती सापडले, किती खोटे निघाले ते मोजा.

नोंद पाठवताना

माहिती सार्वजनिक साठ्यात देताना ठिकाण 'इंडिया: गोवा' अशा ठरावीक रूपात मागतात. अक्षांश-रेखांश दशांशात, '१५.५२ एन ७३.९१ ई' असे. अंश-मिनिटं चालत नाहीत. ३० मिनिटं म्हणजे ०.५०, हे विसरून १५ अंश ३० मिनिटं '१५.३०' लिहिली, तर जागा वीसेक किलोमीटर दक्षिणेला सरकते आणि दिवाडीचं शेत सालसेतीत जातं. तारीख वर्ष-महिना-दिवस या क्रमात. ०५/०६ लिहिलं तर मे की जून हे कुणाला कळणार? जे मोजलं नाही तिथे शून्य घालू नका, 'गोळा केलं नाही' हा ठरलेला शब्द निवडा. शून्य हा मोजलेला आकडा मानला जातो.

परिसरासाठी तीन रकाने असतात: मोठा परिसर, जवळचा परिसर आणि प्रत्यक्ष माध्यम. चोडणच्या नमुन्याला खारफुटीचा परिसर, खाडीकाठ आणि गाळ असं लिहिता येतं. शब्द एन्व्हो या परिसराच्या शब्दसंग्रहातून क्रमांकासह घ्यायचे. खाजनासाठी नेमका शब्द मिळाला नाही, तर जवळचाच एखादा चुकीचा शब्द चिकटवू नका. एक पायरी वरचा, बरोबर असलेला व्यापक शब्द निवडा, वर्णनाच्या मोकळ्या रकान्यात स्थानिक नाव लिहा, आणि त्या शब्दसंग्रहाच्या सार्वजनिक मागणी यादीत नव्या शब्दाची विनंती टाका. ही विनंती कुणीही करू शकतं. सोबत चार गोष्टी लागतात: प्रस्तावित नाव, त्याच्या वरचा शब्द, पर्यायी लेखनं, आणि एका वाक्याची व्याख्या, जी वरच्या शब्दापासून सुरू होऊन फरक सांगेल. उदाहरणार्थ: सखल किनारी शेतजमीन, जिच्यात भरतीचं खारं पाणी बांध आणि मानशीच्या (बांधातल्या पाणी सोडायच्या वाटेच्या) दारांनी रोखलं किंवा आत घेतलं जातं आणि जी भात व मासळी दोन्हींसाठी वापरली जाते.